मामाजींचं आवतन

मामाजींनी उभ्या आयुष्यात एकही गाणं बसून ऐकलं नाही. ज्या माणसाच्या मंडपात देशभरातले गवई आणि वादक येऊन गेले, ज्याच्या उत्सवाला हिंगोलीपासून अकोल्यापर्यंतची माणसं गाड्या करून यायची, तो माणूस उत्सवभर बिछायतीच्या मागे, भट्ट्यांच्या बाजूला, हाताची घडी घालून उभा असायचा. डोक्याला मफलर, पायात जुनी चप्पल. कोणी खुर्ची आणून दिली की ती दुसऱ्याच कुणाला तरी मिळायची. गुडघ्याचं ऑपरेशन झालं त्या वर्षीसुद्धा खांबाला टेकून उभे. मी रागावले तर म्हणाले, "पाहुने जेवून राह्यले असताना घरचा मानूस बसते का कुठं?" मी कपाळाला हात लावला आणि त्यांच्यासाठी चहा आणायला गेले.

गाव त्यांना आबाजी म्हणायचं. माझ्या नवऱ्याचे ते काका, म्हणजे माझे चुलत सासरे, म्हणून आमच्याकडच्या रीतीनं मी त्यांना मामाजी म्हणायचे. मी रिसोडची. लग्न होऊन मेडशीच्या आतल्या या गावात आले तेव्हा वाटलं होतं, शेतकऱ्याच्या घरी चालले आहे, सोयाबीन आणि तुरीत जन्म जाईल. तसा तो गेलाच. पण दर मार्गशीर्षात सोयाबीन निघालेल्या वावरात मंडप पडायचा आणि मग घरात पाय ठेवायला जागा राहायची नाही. एका खोलीत सारंगीवाले, दुसऱ्या खोलीत त्यांचे शिष्य, ओसरीत आचारी, आणि आम्ही बायका कुठे झोपायचो ते आमचं आम्हाला माहीत. पहिल्या वर्षी मी रडले होते. दुसऱ्या वर्षापासून भांडायला लागले.

उत्सव सुरू केला मामाजींच्या वडिलांनी. त्यांना सगळे थोरले म्हणत. थोरले स्वतः गायचे, आणि चांगलं गायचे असं जुनी माणसं सांगत. पहिल्याच वर्षी एक वयोवृद्ध गवई बैलगाडीत बसून आले होते. त्यांच्या आधी जरा सुरुवात करून देतो म्हणून थोरले मंचावर बसले, ते असे रंगले की उठेचनात. पाहुणे घोंगडी पांघरून थंडीत वाट पाहत राहिले. त्यांची पाळी आली तेव्हा त्यांचा गळा धरला होता. न गाताच ते परत निघाले, आणि जाताना हसून एवढंच म्हणाले की यजमान पोटभर जेवले, आनंद वाटला. थोरल्यांना हे फार लागलं. त्यांनी तानपुरा माळ्यावर टाकला आणि घराला नियम घातला की या मंडपात आपल्या घरच्यानं गायचं नाही. वाढप्यानं पंगतीत बसू नये.

आमच्याकडे पंगत म्हणजे थट्टा नाही. शेतात कणकेचे रोडगे भाजले जातात, वांग्याची भाजी कढईत रटरटते, गाव आधी जेवतं आणि घरचे लोक वाढतात. पाहुण्यांच्या आधी घरच्यानं घास तोंडात घातला तर ती गोष्ट लेकीबाळींच्या सोयरिकीपर्यंत पोचते. थोरल्यांनी पंगतीचा कायदा उचलून मंचावर नेऊन ठेवला. मामाजींनी तो पुढे चालवला आणि बापापेक्षा कडक चालवला. पुतण्यांनी पुढे बसायचं नाही. सुनांनी पाहुण्या बाईंबरोबर फोटो काढायचा नाही. कार्यक्रमपत्रिकेवर आमच्या घराचं नाव छापायचं नाही. एकदा एका पुढाऱ्यानं मंचावर खुर्ची मागितली. मामाजींनी त्याला हाताला धरून सतरंजीवर, गावच्या दोन गुराख्यांच्या मधोमध नेऊन बसवलं आणि म्हणाले, "तुमी पाहुने. इथून चांगलं ऐकू येते." पुढारी मुकाट बसला. जाताना मात्र जेवला नाही.

दुसरी त्यांची खोड आवतनाची. जेवायचं आमंत्रण ते आवतन, आणि मामाजींच्या लेखी गायचं आमंत्रणही तेच. हातात मोबाइल आला, मेल आले, कलाकारांचे व्यवस्थापक आले, पण या माणसानं कधी कुणाला फोनवर बोलावलं नाही. "फोनवर बातमी सांगतात," ते म्हणायचे. "आवतन दारात जाऊन द्या लागते." खिशात कुंकवाची डबी, पुडीत अक्षता, सुपारी. मेडशीहून एसटी, पुढे रेल्वे. धारवाडला गेले, कोलकात्याला गेले. मुंबईत एका मोठ्या बाईंच्या माणसानं सांगितलं की पत्र पाठवा, पाहू. मामाजी बाईंच्या इमारतीच्या जिन्यात बसून राहिले. बाई आल्या, त्यांनी या धोतरवाल्याकडे पाहिलं, त्याच्या हातातल्या अक्षता पाहिल्या आणि जिन्यातच पदर पुढे केला. त्या पुढे दर दोन-तीन वर्षांनी यायच्या. आमच्या चुलीपाशी बसून ठेचा खायच्या आणि दुसऱ्या दिवशी गळा बिघडला म्हणून मलाच बोलायच्या.

हे सगळं सांगायला गोड आहे. जे गोड नाही ते आता सांगते.

मामाजींना एकच मुलगा, वसंता. मामी तो लहान असतानाच गेल्या. मी या घरात आले तेव्हा वसंताभाऊजी कॉलेजात होते आणि सोयाबीनच्या गोदामात पोत्यांच्या आड बसून रियाज करायचे. मला गाण्यातलं फार कळत नाही. पण त्या गोदामासमोरून जाताना माझ्या डोक्यावरचा हंडा मी विसरायचे, एवढं कळतं. मामाजी मात्र गाणं सुरू झालं की उठायचे. "म्हशीले पानी दाखवून येतो," म्हणायचे. म्हैस दिवसातून किती वेळा पाणी पिते हो? एकदा मी मागून गेले, तर गोठ्याच्या मागे भिंतीला हात लावून उभे होते. म्हैस समोर रवंथ करत होती. मी आल्या पावली परतले.

भाऊजींना त्यांनी पुण्याला शिकायला ठेवलं, काही कमी पडू दिलं नाही. पोरगा गाजला. इतर गावांच्या मंडपांत, सभागृहांत गायला लागला. लग्न झालं, सुमन आली, सई झाली. पण मार्गशीर्ष आला की वसंताभाऊजी हटकून गावी यायचे आणि वरणाची बादली घेऊन पंगतीत फिरायचे. ज्यांनी त्यांना टीव्हीवर पाहिलं होतं ती माणसं पत्रावळीवरून वर बघत राहायची. एवढ्या मोठ्या देशात त्यांना एकाच ठिकाणी गायचं होतं, आपल्या आज्याच्या मंडपात, आपल्या बापासमोर. त्यांनी ते एकदाच मागितलं. मामाजी म्हणाले, "वाढप्यानं पंगतीत बसू नये, बाबू." भाऊजींनी पुन्हा विषय काढला नाही. विषय त्यांच्या तोंडावर मात्र कायम असायचा, आणि तो मला दिसायचा.

मग ती सकाळ. धारवाडच्या बाईंनी भैरवी संपवली होती, उत्सव आटोपला होता. ऊन नुकतं वावरात आलं होतं. लोक शाली झटकत उठत होते आणि घरचे चहा वाटत होते. केनवडचे एक म्हातारे श्रोते दरसाल यायचे. त्यांनी भाऊजींचा हात धरला. "वसंता, एक तरी ऐकव रे. मी काही पुढच्या साली येत नाही." आजूबाजूचे थांबले. भाऊजींनी बापाकडे पाहिलं. मामाजींनी मान हलवली. "वाढपी हाय तो."

माझं तोंड फटकळ आहे, हे गावाला माहीत आहे. मी चहाची किटली खाली ठेवली आणि सगळ्यांदेखत म्हणाले, "वाढपी शेवटी तं जेवतात ना, मामाजी? सारी पंगत उठल्यावर? का त्याईले उपाशीच झोपवता तुमी?"

 सासऱ्याला असं चारचौघांत बोलायची आमच्याकडे रीत नाही. माझा नवरा तर चपला शोधायला लागला. मामाजींनी डोक्याचा मफलर सोडला. मग म्हणाले, "सूनबाई बरोबर बोलली. हे माह्या बापाच्या ध्यानात आलं नाही, माह्याबी नाही आलं. शेवटच्या पंगतीले घरच्याचा हक्क हाय."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. भाऊजींनी हातातला ट्रे खाली ठेवला, लुंगीला हात पुसले आणि मंचाकडे निघाले. तानपुरे अजून गवसणीत गेले नव्हते. तबलजी पुन्हा बसले. तेवढ्यात मामाजी म्हणाले, "आज नाही. आज तुले आवतन कुठं देल्लं मी? बिनआवतनाचं कोनी पानावर बसते का? पुढच्या साली. मी येतो तुया घरी आवतन घेऊन."

भाऊजी मंचाच्या पायरीशी थांबले. मग हसले, ट्रे उचलला आणि माझ्याजवळ येऊन म्हणाले, "इतके साल थांबलो वहिनी, अजून एक." मला त्या दिवशी जिंकल्यासारखं वाटलं. संध्याकाळी मी घरात शिरा केला होता.

पाडव्यानंतर मामाजींनी मला हाक मारली. "तू वकिली केली ना त्याची? चाल मंग पुन्याले." आम्ही गेलो. भाऊजींच्या दाराशी मामाजी उभे राहिले आणि सुमननं आत बोलावलं तरी आत येईनात. मी सांगून थकले. शेवटी वसंताभाऊजी स्वतः दारात आले, तेव्हा मामाजींनी डबी काढली, मुलाच्या कपाळाला कुंकू लावलं, हातावर अक्षता आणि सुपारी ठेवली. परक्या गवयाशी बोलावं तसं बोलले. "मार्गशीर्षात आमच्या गावी उत्सव असते. सारं झाल्यावरची बैठक तुमची. तुमी या." आपल्या पोटच्या पोराला तुमी. भाऊजी वाकले आणि म्हणाले, "येतो." मी आणि सुमन दोघी डोळे पुसत होतो. मामाजींनी मुलाचा हात सोडला नाही. मनगट चाचपलं आणि एकदम त्यांच्या नेहमीच्या आवाजात विचारलं, "जेवत नाही का रे तू?"

जेवण जात नव्हतं. पित्त असेल म्हणून भाऊजी गोळ्या खात होते. आम्ही परत यायच्या आत तपासण्या झाल्या आणि निदान झालं. यकृताचा आजार होता, फार पुढे गेलेला. डॉक्टर चांगला होता, त्यानं लपवलं नाही.

आषाढात भाऊजी गावी आले, म्हणाले, इथेच राहतो. मंडपाच्या वावराकडे खिडकी असलेली खोली त्यांनी मागून घेतली. वावरात सोयाबीन वाढत होतं आणि ते दिवसेंदिवस वाळत होते. मला दिसत होतं की मार्गशीर्ष फार लांब आहे. मी मामाजींच्या मागे लागले. "ओसरीत सतरंजी टाकतो आमी. गावातली चार मानसं बोलावतो. आत्ताच गाऊ द्या त्याले." ते ऐकायचे आणि उठून जायचे. "उत्सव मार्गशीर्षात असते," एवढंच. कधी नव्हे ते मी त्या माणसाचा तिरस्कार केला. त्यांच्या ताटात भाकर आपटून वाढायचे मी.

पोळा झाला. एका दुपारी मामाजी स्वतः माळ्यावर चढले आणि थोरल्यांचा तानपुरा खाली आणला. तारा मेडशीच्या एका माणसाकडून आधीच बसवून घेतल्या होत्या, आम्हाला पत्ता नव्हता. धोतराच्या सोग्यानं त्यांनी भोपळा पुसला, तानपुरा भाऊजींच्या खाटेला टेकवून ठेवला आणि म्हणाले, "म्हन बाबू. मी ऐकतो. नियम गेला खड्ड्यात."

गळा तेव्हा शाबूत होता. आदल्याच दिवशी सईला काही सांगताना भाऊजींनी दोन ओळी गुणगुणल्या होत्या आणि मी दाराआड उभी राहून ऐकल्या होत्या. दम नव्हता, पण सूर होता.

भाऊजींनी तानपुऱ्यावरून हात फिरवला. "आज कसं म्हनू, बाबा? आवतन मार्गशीर्षाचं हाय मले." आवाजात राग नव्हता. "आपल्या घरी बिनआवतनाचं कोनी पानावर बसत नाही."

मामाजी उभेच होते. त्यांनी तानपुरा उचलला आणि परत नेला.

यावर मी फार विचार केला आहे. सुमन म्हणते, त्यांना खरंच वाटत होतं की आपण मार्गशीर्ष गाठू. मला तसं वाटत नाही. भाऊजींना सगळं कळत होतं. इतकी वर्षं बापानं जे त्यांना दिलं तेच त्यांनी एकदा बापाला परत दिलं, तितक्याच प्रेमानं आणि तितक्याच कडकपणानं. बापाचाच लेक. त्या दोघांना एका खोलीत कोंडून बडवावं असं मला तेव्हा वाटायचं, आजही वाटतं. दसऱ्याच्या आधी भाऊजी गेले.

सुतक फिटल्यावर गावची माणसं आली. या वर्षी उत्सव करायचा का? मामाजी म्हणाले, "उत्सव आपल्या घरचा सन नाही. पाहुन्यायचा हाय." तयारी सुरू झाली. मेल्या म्हशीला मणभर दूध म्हणतात तसं झालं. भाऊजी गात होते तेव्हा ज्यांना त्यांचं नाव धड घेता येत नव्हतं, त्यांनी मेडशीच्या फाट्यापासून त्यांच्या फोटोचे फ्लेक्स लावले. पडदा आणि आवाज सांभाळणारा अकोल्याचा एक हुशार तरुण होता. त्यानं सुचवलं की शेवटच्या बैठकीला वसंतरावांचं ध्वनिमुद्रण लावू, मोठ्या पडद्यावर चित्रफीत दाखवू. सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. निदान आवाज तरी त्या मंडपात येईल.

"नाही," मामाजी म्हणाले. "तो जिता होता तेव्हा मी त्याले इथं गाऊ देल्लं नाही. आता मेल्यावर गाऊ देल्लं, तं तेव्हा काहून नाही देल्लं, याचं उत्तर मले कोन देईन?"

पडदा आला नाही.

उत्सव झाला. भैरवी झाली. मंडपवाले शिड्या घेऊन आले, तर मामाजींनी हात वर करून त्यांना थांबवलं. मंचावर धुतलेली चादर घालायला लावली. दोन तानपुरे सुरात लावून ठेवले, माइक चालू ठेवला. "आवतन देल्लं हाय," ते म्हणाले. "पान वाढून ठेवा लागते." लोक पुन्हा खाली बसले. मंचावर कोणी नव्हतं. माइकमधून वाऱ्याचा आवाज यायचा, मध्येच कुठे ट्रॅक्टरचा. ऊन चढलं तसे लोक एकेक करून उठले, पाया पडल्यासारखे वाकून निघून गेले. सुमन सईला घेऊन घरात गेली. दुपार झाली, भट्ट्या विझल्या, तरी मामाजी तिथेच. शेवटी ते मंडपवाल्याला म्हणाले, "काढा आता." मी त्यांना हाताला धरून घरी आणलं. हात तापला होता.

त्यानंतर त्यांनी सगळं माझ्याकडे सोपवलं. गावाला नवल वाटलं, सुनेच्या हाती उत्सव. मामाजी म्हणाले, "हिले बोलता येते. आमाले नाही आलं." डबी आणि अक्षतांची पुडी मला दिली. पुढच्या उन्हाळ्यात ते अंथरुणाला लागले. शेवटच्या दिवसांत फार बोलत नव्हते. एकदा मी पाणी पाजत होते तर म्हणाले, "सूनबाई, त्या दिवशी तू येवढं बोलली. मंग 'आजच' काहून नाही म्हटलं?"

"तुमी ऐकलं असतं?"

"ऐकलं असतं," ते म्हणाले आणि भिंतीकडे तोंड केलं.

खरं की खोटं, देव जाणे. जाता जाता माणूस आपलं ओझं असं दुसऱ्याच्या डोक्यावर ठेवून जातो, याचा मला अजून राग येतो. आणि रोज त्यांची आठवण येते, तेही खरं. कलाकाराच्या दारात उभी राहते तेव्हा मामाजींचीच वाक्यं तोंडात येतात.

उत्सव हाती आल्यावर गावकऱ्यांची पहिली सभा झाली, तिच्यातच मी नियम काढून टाकला. घरच्या माणसाला गाता येईल, आधी, मध्ये, शेवटी, कधीही. कोणी हूं की चूं केलं नाही. नातेवाइकांतल्या दोघा-तिघांनी तर बरं झालं म्हटलं. आमच्या घरात गाऊ शकेल अशी आता उरली एक सई. तिचा गळा बापाचा आहे, बोलते तेव्हाच कळतं. यंदा दिवाळीच्या आधी मी पुण्याला गेले. सई आता कॉलेजात आहे. मी दाराबाहेर उभी राहिले, आत गेले नाही. ती दारात आली तेव्हा तिच्या कपाळाला कुंकू लावलं, हातावर अक्षता ठेवल्या आणि म्हणाले, "मार्गशीर्षात आमच्या गावी उत्सव असतो. तुम्ही या."

 तिनं अक्षता नीट मुठीत धरल्या.

"मोठी आई, मला गाता येत नाही," ती म्हणाली. "बाबांनी शिकवलंच नाही. लहानपणी मी खूप मागे लागले होते. ते म्हणायचे, शिकलीस, तर एक दिवस तुला आजोबांच्या मंडपात गावंसं वाटेल."